मुलीची शाळा सोडवून फक्त बुद्धिबळ? आधी मोठ्या खेळाडूंची मधली वर्षं बघा

एका वडिलांनी विचारलंय: मुलगी १२ वर्षांची, सातवीत आहे. फिडे रेटिंग (जागतिक बुद्धिबळ महासंघ देतो तो ताकदीचा आकडा) साडेपंधराशेच्या घरात. यंदा १३ वर्षांखालच्या गटात राज्य निवड स्पर्धेत पहिल्या पाचांत आली. दिव्या देशमुखनं महिलांचा विश्वचषक जिंकल्यापासून ‘मला बुद्धिबळच करायचंय’ एवढं एकच पालुपद चालू आहे. शहर लहान, तोडीचं शिकवणारं कुणी नाही, क्लास ऑनलाइन. गुकेशची शाळा चौथीनंतर थांबवली होती, हंपीच्या वडिलांनी नोकरी सोडली होती, हे वाचून आता मुलीची आई नोकरी सोडायला निघाली आहे. शाळा सोडवावी का? आणि मुलींना या खेळात पुढे खरंच काही आहे का?

मी बरीच वर्षं मुलामुलींना बुद्धिबळ शिकवते, स्पर्धांमध्ये पंच म्हणूनही काम करते. त्यामुळे उत्तर आधी देते आणि कारणं मग सांगते. शाळा आत्ता सोडवू नका. आईनं नोकरी आत्ता सोडू नये. पण मुलगी जे म्हणतेय ते ‘वेड आहे, उतरेल’ म्हणून बाजूलाही सारू नका, कारण राज्यात पहिल्या पाचांत येणं ही गंमत नव्हे. तिचा खेळ मी पाहिलेला नाही, तुमच्या घरची परिस्थिती मला ठाऊक नाही. त्यामुळे खाली लिहिते त्यातलं काही तुमच्या बाबतीत लागू पडेल, काही पडणार नाही.

तुमचा प्रश्न वरवर पाहता ‘शाळा की बुद्धिबळ’ असा आहे. पण मला तो तसा वाटत नाही. मोठ्या खेळाडूंचं आयुष्य आपण शेवटाकडून वाचतो. अमुक जगज्जेता झाला, आणि त्याच्या वडिलांनी तमुक केलं होतं, म्हणजे त्यामुळेच झाला. मध्ये सात-आठ वर्षं अशी असतात की कुणी टाळ्या वाजवत नाही, पेपरात नाव येत नाही, रेटिंग चढतं आणि तितकंच खाली येतं, आणि घरातले दर महिन्याला रेल्वेची तिकिटं काढत राहतात. ती वर्षं निभावली कशी, हे या कारकिर्दींमधून शिकण्यासारखं आहे. तुमच्या मुलीची ती वर्षं आता सुरू होतायत, म्हणून प्रश्न खरा तोच आहे.

शाळेचं आधी निकालात काढू. गुकेशची नियमित शाळा चौथीनंतर थांबली आणि डिसेंबर २०२४ मध्ये सिंगापूरला १८व्या वर्षी तो जगज्जेता झाला, हे खरं. विश्वनाथन आनंद शाळा पुरी करून चेन्नईच्या लोयोला कॉलेजातून वाणिज्य शाखेचा पदवीधर झाला. त्याच काळात, १९८८ साली, तो भारताचा पहिला ग्रँडमास्टर (हा बुद्धिबळातला सर्वांत मोठा किताब) झाला आणि पुढे पाच वेळा जगज्जेता. दोघेही चेन्नईचे, दोघेही शिखरावर पोचले, शाळेच्या बाबतीत मात्र दोघांचे रस्ते वेगळे. मग शाळा हे निर्णायक कारण कसं म्हणायचं? दोघांनाही मिळालेली गोष्ट चेन्नईची होती. घरापासून तासाभरात आपल्याहून चांगला खेळणारा माणूस समोर बसायला मिळणं. गुकेशच्या बाबतीत आणखी एक आहे. त्याचे वडील कान-नाक-घशाचे सर्जन, आई सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ. वडिलांनी प्रॅक्टिस थांबवून मुलाबरोबर प्रवास केला तेव्हा घर आईच्या पगारावर चाललं आणि मित्रांनी पैशाचा हातभार लावला. एकानं काम सोडलं तेव्हा दुसरा पगार चालू होता, हे वाचताना आपण विसरतो.

आता आपल्याकडच्या मुलींकडे येते. नव्या पालकांना दिव्याचं नाव माहीत असतं, पण त्याआधीची पन्नास वर्षं माहीत नसतात.

भारतात महिलांची राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा १९७४ साली सुरू झाली. पहिली विजेती वासंती खाडिलकर. त्यानंतर पहिली दहा वर्षं हे विजेतेपद एका घराबाहेर गेलंच नाही. वासंती एकदा, जयश्री चार वेळा, रोहिणी पाच वेळा. घर गिरगावातलं, ‘नवाकाळ’चं. नाटककार आणि संपादक कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर हे त्यांचे पणजोबा, नीलकंठ खाडिलकर वडील. तिघी बहिणींमध्ये एकेका वर्षाचं अंतर. त्या काळी इंजिन (चाली तपासणारा संगणक) नव्हतं, डेटाबेस नव्हता, परदेशी पुस्तक मिळणं मुश्कील. पण उद्याच्या राष्ट्रीय स्पर्धेत अंतिम फेरीत जी समोर येणार ती आज जेवणाच्या ताटावर शेजारी बसलेली. आजच्या भाषेत ज्याला आम्ही स्पॅरिंग पार्टनर म्हणतो आणि ज्यासाठी लोक पैसे मोजतात, तो त्यांना घरात मिळाला. जयश्री १९७९ मध्ये महिला आंतरराष्ट्रीय मास्टर झाली, हा किताब मिळवणारी पहिली भारतीय.

रोहिणीची गोष्ट तुमच्या मुलीला जरूर सांगा. १९७६ मध्ये ती १३ वर्षांची होती, म्हणजे जवळपास तुमच्या मुलीएवढी. त्या वर्षी ती महिलांची राष्ट्रीय विजेती झाली आणि पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेतही उतरली. तसं खेळणारी ती पहिली मुलगी. तिथं तिनं तीन राज्यांच्या विजेत्यांना हरवलं. त्यावरून गदारोळ झाला, मुलीला पुरुषांच्या स्पर्धेत घ्यायचं कसं म्हणून. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, निकाल तिच्या बाजूनं लागला. जागतिक बुद्धिबळ महासंघाचे तेव्हाचे अध्यक्ष मॅक्स यूव, जे स्वतः माजी जगज्जेते, त्यांनीही स्पष्ट केलं की राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून महिलांना वगळता येणार नाही. आज आपली मुलगी खुल्या गटात नाव घालते आणि आपण फक्त एंट्री फीचा विचार करतो, त्यामागे एका १३ वर्षांच्या मुलीचा आणि तिच्या घरच्यांचा हा झगडा आहे. मला तो फार मोठा वाटतो. पुढे १९८१ मध्ये हैदराबादला रोहिणी आशियाई विजेती झाली, १२ पैकी साडेअकरा गुण, एकही पराभव नाही. १९८३ मध्ये क्वालालंपूरला पुन्हा आशियाई विजेती.

मग काय झालं? तिशीच्या अलीकडे-पलीकडे दोघी बहिणी पटावरून वृत्तपत्राकडे गेल्या. जयश्री खाडिलकर-पांडे ‘नवाकाळ’च्या संपादक झाल्या, रोहिणी ‘संध्याकाळ’च्या. याला कुणी ‘करिअर सुटलं’ म्हणतं तेव्हा मला राग येतो. पाच राष्ट्रीय विजेतेपदं, दोन आशियाई, अर्जुन पुरस्कार, एवढं पदरात घालून माणूस दुसऱ्या कामात तितक्याच उमेदीनं उतरला, तर त्यात सुटलं काय? बुद्धिबळाची कारकीर्द चाळिसाव्या वर्षापर्यंत ओढलीच पाहिजे असा काही नियम नाही. आणि खाडिलकरांना दुसरं दार उघडं होतं म्हणूनच पहिल्या दारातून त्या निर्धास्त गेल्या, असं माझं मत आहे.

त्यांच्या मागोमाग मुंबईच्याच भाग्यश्री साठे, लग्नानंतर भाग्यश्री ठिपसे. राष्ट्रीय विजेतेपद पाच वेळा. पद्मश्री आणि अर्जुन पुरस्कार १९८७ मध्ये. त्यांच्याबद्दल मला एकच गोष्ट अधोरेखित करायची आहे. आशियाई विजेतेपद त्यांनी १९९१ मध्ये, भोपाळला, ३०व्या वर्षी मिळवलं. लग्न झालेलं होतं. नवरा प्रवीण ठिपसे, जे १९९७ मध्ये आनंद आणि दिब्येंदू बरुआ यांच्यानंतर भारताचे तिसरे ग्रँडमास्टर झाले. पुन्हा तेच, तोडीचा खेळाडू घरात. अनुपमा अभ्यंकर, म्हणजे अनुपमा गोखले, यांचंही तसंच. राष्ट्रीय विजेतेपद पाच वेळा, पद्मश्री १९८६ मध्ये, म्हणजे वयाच्या सतराव्या वर्षाच्या आसपास. आणि पती रघुनंदन गोखले हे द्रोणाचार्य पुरस्कारप्राप्त प्रशिक्षक. पाच बायका, एकाच शहरातल्या, जवळजवळ वीस वर्षं देशाचं महिला बुद्धिबळ यांच्याभोवती फिरलं. एका शहरात हे सगळं एकवटणं हा मला योगायोग वाटत नाही. ज्या शहरात पट मांडून बसायला चार तगडी माणसं आहेत तिथं पाचवं तयार होतं. सांगलीत भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळ वर्षानुवर्षं चालवलं. स्वाती घाटे सांगलीचीच. पुण्याची सौम्या स्वामीनाथन २००९ मध्ये अर्जेंटिनात ज्युनियर मुलींची जगज्जेती झाली, त्याच पुण्यात ईशा करवडे घडली, अभिजित कुंटे घडला.

हंपीचं उदाहरण तुम्ही दिलंय म्हणून त्यावर जरा थांबते. कोनेरू हंपीचे वडील अशोक हे रसायनशास्त्राचे प्राध्यापक, त्यांनी नोकरी सोडून मुलीला शिकवलं, हे खरं आहे. २००२ मध्ये १५ वर्षं आणि एका महिन्याच्या वयात ती ग्रँडमास्टर झाली आणि ज्युडिट पोल्गारचा सर्वांत लहान महिला ग्रँडमास्टरचा विक्रम मोडला. पण अशोक स्वतः चांगले खेळाडू होते. ते मुलीजवळ बसत ते शिकवायला. पालकानं नोकरी सोडणं आणि प्रशिक्षकानं नोकरी सोडणं यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. तुमच्या पत्नी स्वतः स्पर्धात्मक बुद्धिबळ खेळलेल्या असतील तर माझं उत्तर थोडं बदलेल. नसतील, तर नोकरी सोडून घरी बसलेली आई दिवसभर काय करणार? मुलीवर लक्ष ठेवणार. आणि १२ वर्षांच्या मुलीच्या डोक्यावर ‘माझ्यासाठी आईनं नोकरी सोडली’ हे ओझं प्रत्येक हरलेल्या डावानंतर बसणार. हे मी फार जवळून पाहिलंय, पुन्हापुन्हा पाहिलंय. अशी मुलं जिंकण्यासाठी खेळेनाशी होतात, न हरण्यासाठी खेळतात.

हंपीच्या पुढच्या आयुष्याकडे मात्र पालक बघतच नाहीत. २०११ मध्ये ती महिला जगज्जेतेपदाच्या लढतीत होउ यिफानकडून हरली. २०१७ मध्ये मुलगी झाली, तेव्हा तिनं खेळातून सुट्टी घेतली. मग परत आली आणि डिसेंबर २०१९ मध्ये मॉस्कोला रॅपिडची, म्हणजे कमी वेळाच्या डावांची, जगज्जेती झाली, ३२व्या वर्षी. २०२४ मध्ये न्यूयॉर्कला पुन्हा, ३७व्या वर्षी. या सगळ्या काळात तिच्या पाठीशी ओएनजीसीची नोकरी होती. हरिका द्रोणावल्ली २०२२च्या चेन्नई ऑलिंपियाडमध्ये (देशांच्या संघांच्या स्पर्धेत) नववा महिना चालू असताना पटावर बसली आणि भारताच्या महिलांनी कांस्यपदक मिळवलं. ‘पंधराव्या वर्षापर्यंत काही झालं नाही तर संपलं’ असं तुम्हाला कुणी सांगितलं असेल, एखाद्या अकादमीच्या जाहिरातीतही असेल, तर या दोघी त्याचं उत्तर आहेत.

आता दिव्या. नागपूरची, आईवडील दोघेही डॉक्टर, जन्म डिसेंबर २००५चा. मोठी बहीण बॅडमिंटनला जायची, हिनं बुद्धिबळ धरलं. सुरुवातीची वर्षं नागपुरातच राहुल जोशी यांच्याकडे शिकली. जोशी सर आज हयात नाहीत, तिचं यश बघायला ते हवे होते. १० वर्षांखालची जगज्जेती २०१४ मध्ये, १२ वर्षांखालची २०१७ मध्ये. आणि विश्वचषक २०२५ मध्ये. बारा वर्षांखालचं जगज्जेतेपद आणि मोठ्यांचा विश्वचषक यांत आठ वर्षं आहेत. त्यात महामारी आली, पटावरच्या स्पर्धा बंद पडल्या. २०२१ मध्ये ती महिला ग्रँडमास्टर झाली. २०२३ मध्ये अल्माटीला आशियाई विजेती. २०२४ मध्ये गांधीनगरला ज्युनियर जगज्जेती, आणि त्याच वर्षी बुडापेस्ट ऑलिंपियाडमध्ये तिसऱ्या पटावर ११ पैकी साडेनऊ गुण, वैयक्तिक सुवर्ण आणि संघाचंही सुवर्ण. त्या संघाचा कर्णधार पुण्याचा अभिजित कुंटे. लहान गटातली पदकं खूप मुलांकडे असतात. त्यानंतरची ही पायरी-पायरी चढण फार थोड्यांकडे असते.

बाटुमीच्या विश्वचषकात ती मानांकनात पंधरावी होती. झू जिनर, हरिका, मग माजी जगज्जेती तान झोंगयी, आणि अंतिम फेरीत हंपी. १९ वर्षांची विरुद्ध ३८ वर्षांची. क्लासिकलचे, म्हणजे लांब वेळेचे, दोन्ही डाव बरोबरीत, पहिला रॅपिडही बरोबरीत. दुसऱ्या रॅपिडमध्ये दिव्याकडे काळी मोहरी होती. शेवटाकडे हंपीकडे वेळ उरला नव्हता, चुका झाल्या, आणि दिव्यानं तो एंडगेम (मोजकी मोहरी उरलेला शेवटचा टप्पा) हातचा जाऊ दिला नाही. तुमच्या मुलीला तो डाव लावून दाखवा, पण इंजिन बंद ठेवून. प्रत्येक चालीआधी तिला विचारा, ‘तू काय खेळशील, आणि घड्याळात एवढाच वेळ असताना काय खेळशील?’ ओपनिंगच्या पाच व्हिडिओंपेक्षा तिला यातून जास्त मिळेल.

त्या विजयानं दिव्याला थेट ग्रँडमास्टर किताब मिळाला, भारताची ८८वी ग्रँडमास्टर, महिलांमध्ये हंपी, हरिका आणि वैशालीनंतर चौथी. त्याआधी तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. नेमका इथं पालकांचा गैरसमज होतो, म्हणून सांगते. हा रस्ता अपवादाचा आहे. नेहमीचा रस्ता असा: रेटिंग कधीतरी २५००ला टेकायला हवं, आणि साधारण तीन नॉर्म हवेत. नॉर्म म्हणजे नऊ किंवा जास्त फेऱ्यांच्या स्पर्धेत, समोर पुरेसे किताबधारी असताना, २६०० रेटिंगच्या खेळाडूसारखी कामगिरी. महिला ग्रँडमास्टरसाठी रेटिंग २३०० आणि २४००ची कामगिरी. महिला आंतरराष्ट्रीय मास्टरसाठी रेटिंग २२००. तुमची मुलगी साडेपंधराशेवर आहे. पुढची तीन-चार वर्षं ग्रँडमास्टर हा शब्द घरात उच्चारू नका. १८००, मग २०००, एवढंच बोला.

रेटिंगचं गणितही समजून घ्या, नाहीतर विनाकारण रडारड होते. १८ वर्षांखालच्या, २३००च्या आतल्या खेळाडूसाठी गुणांचा गुणक ४० असतो. म्हणजे बरोबरीच्या रेटिंगवाल्याशी जिंकली तर २० गुण वर, हरली तर २० खाली. दोन स्पर्धा वाईट गेल्या की १५५०ची १४५० सहज होते, दोन चांगल्या गेल्या की उलट. या वयात रेटिंग म्हणजे घामेजलेल्या हातातली पट्टी, मोजमाप हलणारच. मी वर्षातून दोनदाच त्याकडे गंभीरपणे बघते.

मग मी बघते काय? मुलीची नोंदवही. स्पर्धेतल्या डावांचे कागद. मी माझ्या मुलांना दर पाच-सहा चालींनंतर चालीशेजारी घड्याळात उरलेली मिनिटं लिहायला लावते. मागे एका मुलीचा कागद बघत होते. चौतिसावी चाल, हत्ती आणि तीन प्यादी विरुद्ध हत्ती आणि दोन प्यादी, हिच्याकडे एक प्यादं जास्त, घड्याळात बावीस मिनिटं, समोरच्याकडे चार. आणि हिनं बरोबरीचा प्रस्ताव ठेवला. का, विचारलं तर म्हणाली, ‘त्याचं रेटिंग माझ्यापेक्षा तीनशेनं जास्त होतं.’ ओपनिंग तिची पाठ होती, डावपेच उत्तम होते, पण पटावर जिंकत असताना ती समोरच्याचा आकडा खेळत होती. तो कागद मला तिच्या सगळ्या चषकांपेक्षा जास्त सांगून गेला. पुढचे दोन महिने आम्ही फक्त हत्तीचे एंडगेम केले आणि एक नियम ठेवला, बरोबरी मागायची नाही. मुलगी आज तीच आहे, पण डाव लांबतात, आणि लांबलेले डाव ती काढते.

तुम्ही हेच करा. गेल्या वर्षभरातल्या स्पर्धांचे तिचे कागद काढा आणि तीन गोष्टी पाहा. हरलेला डाव ती स्वतःहून, कुणी न सांगता, पुन्हा लावते का? आपल्याहून दोनशे-तीनशे जास्त रेटिंगवाल्यासमोर तिचे डाव किती चालींपर्यंत टिकतात? आणि वेळ कुठं जातो, ओपनिंगमध्ये की अवघड जागी? यातली पहिली गोष्ट मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते. हरल्यावर रडणारी मुलं सगळीच असतात, त्याचं काही नाही. हॉलच्या बाहेर रडून, डोळे पुसून, संध्याकाळी लॉजच्या खोलीत तोच डाव पुन्हा मांडणारं मूल हजारात वेगळं कळतं. ती अशी असेल तर तिला थांबवायचा प्रयत्नही करू नका.

इथवर आलो तर एवढं धरून ठेवा: शाळा सोडणं किंवा न सोडणं यानं कुणी घडलं-बिघडलेलं नाही. तोडीचा समोरचा खेळाडू, घरात चालू असलेलं एक उत्पन्न, आणि हरण्याची मुभा, या तीन गोष्टी जवळपास प्रत्येक कारकिर्दीत सापडतात.

तोडीचा समोरचा तुमच्या शहरात नाही, ही तुमची खरी अडचण. ऑनलाइन क्लासनं ती निम्मीच सुटते. पडद्यावर बसून मूल शिकतं, पण चार तास समोरासमोर बसण्याचा कस लागत नाही. म्हणून क्लासच्या पैशातला काही भाग काढून उन्हाळ्याच्या सुट्टीत पुणे, मुंबई किंवा नागपूरला दोन-तीन आठवडे राहून मोठ्या मुलांबरोबर खेळायची सोय बघा. नातेवाईक असतील तर तिथं राहा, खर्च वाचतो. खुल्या क्लासिकल स्पर्धा वर्षातून सहा-आठ पुरे, त्याही सुट्ट्यांना धरून. फक्त मुलींच्या गटात खेळवू नका. रोहिणीनं १३व्या वर्षी ज्यासाठी भांडण केलं ते दार उघडं आहे, त्यातून जा. मुलींच्या गटातलं पदक राष्ट्रीय निवडीसाठी लागतं, ताकद मात्र खुल्या गटात वाढते. दोन्ही हवं.

मुलींच्या बाबतीत आणखी एक, जे मुलांच्या पालकांना सांगावं लागत नाही. जानेवारी २०२४ मध्ये नेदरलँड्समधल्या वाइक आन झी इथल्या स्पर्धेनंतर दिव्यानं जाहीरपणे लिहिलं की प्रेक्षक तिच्या खेळाऐवजी कपडे, केस, बोलण्याची ढब यांवर बोलत राहतात. १८ वर्षांची होती ती. आपल्याकडच्या हॉलमध्येही हे होतं, फरक इतकाच की मुली सांगत नाहीत. स्पर्धेला सोबत मोठं माणूस असावंच, आणि परतताना ‘कितीत आलीस’ याआधी ‘कुणी काही बोललं का’ हे विचारायची सवय ठेवा. तक्रार असेल तर मुख्य पंचाकडे लेखी द्या. आम्हा पंचांना ती घ्यावीच लागते.

पुढे काही आहे का, याचं उत्तर: आहे, पण खेळून मिळणाऱ्या बक्षिसांवर घर चालवणाऱ्या मुली भारतात हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. दिव्याला विश्वचषकाचे ५० हजार डॉलर मिळाले, राज्य सरकारनं नागपुरात ३ कोटींचा गौरव केला. अगदी योग्यच केलं. पण हे पैसे शिखरावर मिळतात, चढताना मिळत नाहीत. चढताना आधार नोकरीचा असतो. स्वाती घाटे एलआयसीत, हंपी ओएनजीसीत, ईशा करवडे आणि सौम्या स्वामीनाथन पेट्रोलियम क्षेत्राच्या क्रीडा मंडळाकडून राष्ट्रीय स्पर्धा खेळल्या. अशा नोकऱ्यांना राष्ट्रीय पातळीवरची कामगिरी लागते, आणि बहुतेक ठिकाणी पदवीही लागते. शाळा सोडवू नका म्हणते त्यामागे हे एक अगदी रोखठोक कारण आहे. शिवाय दहावी-बारावीला क्रीडा गुण आहेत, शासकीय नोकरीत खेळाडूंसाठी आरक्षण आहे. नियम अधूनमधून बदलतात, म्हणून प्रमाणपत्रं वेळच्या वेळी शाळेत आणि जिल्हा क्रीडा कार्यालयात दाखवून घ्या. मागाहून धावपळ करणारे पालक मी बरेच बघितलेत. आणि शिकवणं, पंचगिरी, स्पर्धांचं आयोजन ही कामंही आहेत. मी त्यावरच जगते आणि मला हे काम अतिशय आवडतं.

शाळेशी बोला. मुख्याध्यापकांना भेटून सरळ सांगा, वर्षाला साधारण इतके दिवस स्पर्धेसाठी लागतील, परीक्षा बुडाली तर पुन्हा घ्याल का. अनेक शाळा ऐकतात. ऐकत नसेल तर शाळा बदला, ते शाळा सोडण्यापेक्षा कितीतरी बरं. रोजचा सराव शाळेच्या दिवशी दोन ते अडीच तास, सुट्टीत चार-पाच, यापेक्षा जास्त या वयात मी देत नाही. त्यात अर्धा वेळ स्वतःचे डाव तपासणं, पाव वेळ एंडगेम, उरलेला डावपेच आणि ओपनिंग. इंजिन शेवटी लावायचं, आधी तिनं स्वतः चूक शोधायची.

आईच्या नोकरीबद्दल शेवटचं. राजीनाम्याऐवजी वर्षभराच्या स्पर्धांचं वेळापत्रक जानेवारीतच कागदावर मांडा आणि रजा तुम्ही दोघांनी वाटून घ्या, अर्ध्या स्पर्धांना तुम्ही जा, अर्ध्यांना त्या. तुमच्याबरोबर ती कशी खेळते आणि आईबरोबर कशी, हेही त्यात कळेल. कधीकधी त्यात मोठा फरक असतो. नववीच्या सुरुवातीला, म्हणजे आणखी दोन वर्षांनी, पुन्हा बसा. तोवर ती १९००च्या पुढे गेली असेल, खुल्या गटात टिकत असेल, आणि स्वतःहून पट मांडत असेल, तर मुक्त विद्यालयाचा किंवा मोठ्या शहरात जाण्याचा विचार करायला हरकत नाही. तेव्हा तिच्या शेवटच्या दोन-तीन स्पर्धांचे कागद मिनिटांच्या नोंदींसकट पाठवा, मी बघून सांगेन.